एव्हरेस्ट बेस कॅम्प गाइडेड ट्रेकचा रिव्ह्यू: बेस कॅम्पला पोचले नाही, तरी पाचपैकी चार स्टार

सुरुवातीलाच सांगून टाकते, मी एव्हरेस्ट बेस कॅम्पला पोचले नाही. ५३६४ मीटर लिहिलेल्या त्या दगडापाशी सगळे फोटो काढतात ना, तो फोटो माझ्याकडे नाहीये. अकरा जणांच्या आमच्या ग्रुपमधले नऊ जण पोचले, मी आणि माझा थोरला भाऊ आदल्या रात्री लोबुचे ह्या वरच्या मुक्कामावरून हेडटॉर्च लावून खाली उतरलो. तरीपण ह्या ट्रेकला मी चार स्टार देतेय आणि त्यातले बहुतेक त्या एका रात्रीचे आहेत. जो एक कापलाय तो ट्रेक कंपनीच्या ऑफिसच्या कारभारासाठी, त्याचंही सविस्तर लिहिते.

कंपनीचं नाव मुद्दाम टाकत नाहीये. माझी तक्रार आणि कौतुक दोन्ही मी त्यांना लेखी कळवलंय, आणि ज्याला असा ट्रेक बुक करायचाय त्याला नावापेक्षा बुकिंगच्या आधी काय विचारायचं हे कळणं जास्त गरजेचं आहे असं मला ह्या अनुभवानंतर खरंच वाटतं.

आमच्याबद्दल थोडं. मी ४७, दादा ५६. दादा म्हणजे आमच्या घरातला डोंगरवाला, तीस वर्षं सह्याद्री पालथा घातलेला, मला पहिल्यांदा किल्ल्यावर नेलं ते त्यानेच. तयारी पण चोख केली होती, चार महिने रोज जिने, रविवारी पाठीवर वजन घेऊन चढाई, बूट दोन महिने आधी घेऊन पायात मुरवलेले. पण एक हिशोब आमच्या डोक्यात तेव्हा नीट शिरला नव्हता. महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच शिखर कळसूबाई, ते १६४६ मीटर. लुक्लाला विमानातून पाय खाली ठेवता तेव्हाच तुम्ही २८०० च्या वर असता, म्हणजे आपली सवय जिथे संपते तिथून हजार-बाराशे मीटर वर हा ट्रेक सुरू होतो. वर गेल्यावर हवेतला ऑक्सिजनचा टक्का बदलत नाही, तो तिथेही २१ च असतो, पण हवेचा दाब उतरत जातो आणि बेस कॅम्पला तो समुद्रसपाटीच्या जवळपास निम्मा होतो, त्यामुळे प्रत्येक श्वासात मिळणारा ऑक्सिजनही तेवढाच. शरीर ह्याच्याशी जुळवून घेतं पण त्याला दिवस लागतात, आणि तुम्ही कितीही जिने चढलेले असा, ते दिवस कमी होत नाहीत. दादाला हे मान्यच नव्हतं. मी डॉक्टरांना विचारून डायमॉक्स, म्हणजे उंचीचा त्रास होऊ नये म्हणून घेतात ती गोळी, सुरू केली होती, १२५ मिलिग्राम दिवसातून दोनदा. (सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर ही गोळी डॉक्टरांना विचारल्याशिवाय अजिबात घेऊ नका, आणि बोटांना मुंग्या येतात, लघवीला सारखं जावं लागतं, तेव्हा घाबरू नका.) दादा म्हणाला, गोळी घेऊन चढणं म्हणजे चीटिंग, मी नाही घेणार.

आता ऑफिस. बुकिंगच्या वेळी सगळं एकदम गोड. पॅकेजमध्ये लुक्लाचं विमान, परमिट, लॉजमधली राहण्याची सोय, तिन्ही वेळचं जेवण, गाइड आणि दोघांत एक पोर्टर. बाहेरचं काय तर इन्शुरन्स, टिप, गरम पाण्याची अंघोळ, मोबाइल चार्जिंग, वायफाय, आणि ह्या शेवटच्या तीन गोष्टींचे पैसे जसजसं वर जाल तसतसे वाढत जातात, ते लूट म्हणून नाही तर वर जाणारी प्रत्येक वस्तू कोणाच्या तरी पाठीवरून किंवा जनावरावरून जाते म्हणून. तेव्हा नेपाळी रुपये काठमांडूतच पुरेसे काढून ठेवा, आपल्या १०० रुपयांचे तिकडचे १६० हा दर ठरलेलाच आहे. आपल्याला व्हिसा लागत नाही, पासपोर्ट किंवा मतदार ओळखपत्र चालतं, आणि सगरमाथा नॅशनल पार्कची फी सार्क देशांतल्या लोकांना १५०० नेपाळी रुपये आहे, बाकी परदेशी लोकांना ३०००. ती आमच्या पॅकेजमध्ये धरलेली होती, पण तुमच्या बाबतीत कुठला दर लावलाय ते विचारून घ्या.

पहिला धक्का काठमांडूत बसला. लुक्लाचं विमान सीझनमध्ये बऱ्याचदा काठमांडूवरून नाही तर रामेछापच्या मंथली विमानतळावरून सुटतं, तिकडे जायला गाडीने चार-पाच तास लागतात. हे ऑफिसने आम्हाला कधी सांगितलं? आदल्या संध्याकाळी सात वाजता. रात्री दीडला गाडी येईल म्हणे. झोप नाही, घाटातला रस्ता, ग्रुपमधल्या दोघांना उलट्या, आणि पहाटे मंथलीला पोचलो तर लुक्लाला ढग, विमानं बंद. अख्खा दिवस त्या छोट्याशा विमानतळावर बॅगांवर बसून काढला. ढगांवर कोणाचा जोर चालत नाही, त्याबद्दल तक्रार नाहीच. लुक्लाची धावपट्टी फक्त ५२७ मीटर लांब आणि चढावर बांधलेली, एका टोकाला डोंगराची भिंत आणि दुसऱ्या टोकाला दरी, तिथे वैमानिक ढगात उतरायला नाही म्हणतो तेव्हा त्याचे आभारच मानायला हवेत. तक्रार ही आहे की जिथे विमान रद्द होणं ही नेहमीची गोष्ट आहे तिथल्या कार्यक्रमात ऑफिसने विमानासाठी एकही दिवस राखून ठेवलेला नव्हता. एकसुद्धा नाही. पुढच्या सगळ्या भानगडीचं मूळ तिथे आहे.

दुसऱ्या दिवशी लुक्लाला उतरलो आणि तिथे आमचा गाइड भेटला. त्याला न विचारता त्याचं नाव लिहिणं बरं नाही म्हणून दाई म्हणते, आम्ही सगळे तसंच म्हणायचो. आपल्याकडे दाई म्हणजे वेगळंच, नेपाळीत थोरला भाऊ. वय चाळिशीच्या आसपास, खुंबूतलाच, म्हणजे एव्हरेस्टच्या ह्याच भागातला, बोलणं कमी. त्याने पहिलं काम काय केलं तर स्प्रिंगचा काटा काढला आणि प्रत्येकाची डफल बॅग टांगून वजन केलं. मर्यादा १२ किलो होती. एकाची १७ भरली. तो म्हणाला मी जादा पैसे देतो ना. दाई म्हणाला, पैसे तुमचे पण पाठ त्याची. आणि बॅग उघडून सामान काढेपर्यंत चहासुद्धा मागवला नाही. पाच किलो सामान लुक्लाच्या लॉजमध्ये ठेवून मगच निघालो. मला तिथेच वाटलं की हा माणूस आपल्याला हो हो करणारा नाही.

पोर्टरांबद्दल इथेच लिहिते कारण रिव्ह्यूंमध्ये त्यांच्यावर एखादी ओळ असते फार तर. दोन बॅगा आणि स्वतःचं सामान मिळून त्यांच्या पाठीवर तीस किलोच्या आत असायला हवं, पोर्टरांसाठी काम करणाऱ्या संस्था हीच मर्यादा सांगतात, आणि आमच्या दाईने ती पाळली. ओझ्याचा पट्टा कपाळावर घेतात, त्याला नाम्लो म्हणतात. हातात टी आकाराची आखूड काठी असते, दम खायचा झाला की ती मागे ओझ्याखाली टेकवून उभ्या उभ्याच विसावा घेतात, ओझं खाली ठेवत नाहीत कारण ते परत उचलण्यातच जास्त ताकद जाते. त्यांना थंडीचे कपडे आणि विमा कंपनीने दिलेला होता, मी स्वतः विचारलं. पण लोबुचेला लॉज भरलेलं असल्यामुळे ते डायनिंग हॉलच्या बाकांवर झोपले, आणि ती चूक ऑफिसची, खोल्या उशिरा बुक केल्या म्हणून. मला ते आवडलं नाही, लेखी कळवलंय.

चालण्याबद्दल फार लांबण लावत नाही, वाटेचे फोटो सगळ्यांनीच बघितलेत. फाकदिंग, मग दूधकोसी नदीवरचे झुलते पूल, मग नामचेचा तो कधी संपतच नाही असा चढ. दाई सगळ्यात पुढे आणि त्याचा वेग एवढा कमी की पहिल्या दिवशी आमच्यातले तरुण वैतागले. बिस्तारै बिस्तारै, म्हणजे हळूहळू, हा एकच शब्द दिवसभर. चालताना बोलता येत नसेल तर तुम्ही जास्त जोरात चाललाय, एवढा साधा त्याचा नियम. याकची किंवा खेचरांची रांग आली की तो ओरडून सगळ्यांना डोंगराच्या बाजूला उभं करायचा, दरीच्या बाजूला कधीच नाही, कारण जनावराचं ओझं लागून माणूस खाली जाऊ शकतो. नामचेच्या वर मांसाहार नको असं पण त्याने पहिल्याच रात्री सांगितलं, त्या भागात जनावर कापत नाहीत, मांस खालून दिवसेंदिवस चालत येतं. आम्ही डाळ-भातावरच होतो, तो परत परत वाढतात, आणि लसणीचं सूप.

नामचेला, ३४४० मीटरवर, शरीराला उंचीची सवय व्हावी म्हणून एक जादा दिवस. त्या दिवशी वर चढून गेलो आणि परत खाली येऊन नामचेलाच झोपलो. तिथेच पहिल्यांदा एव्हरेस्ट दिसलं, ८८४८.८६ मीटरवाला, नुप्त्से-ल्होत्सेच्या भिंतीमागून फक्त काळसर टोक आणि त्यावर एका बाजूला ओढली गेलेली बर्फाची शेपटी. दादा काहीच बोलला नाही, नुसता टोपी काढून उभा राहिला. बेस कॅम्पवरून एव्हरेस्टचा माथा दिसतच नाही हे बऱ्याच जणांना माहीत नसतं, तो बघायला कालापत्थर नावाचं जवळचं टेकाड चढावं लागतं, त्यामुळे मला एव्हरेस्ट भेटलं ते इथेच, आणि पुढे तेंगबोचेच्या मठाच्या अंगणातून. त्या मठाची हकिगत दाईने सांगितली, १९३४ च्या भूकंपात पडला, परत बांधला, १९८९ मध्ये आगीत जळाला, परत बांधला.

रोज संध्याकाळी जेवणाआधी दाई एक वही काढायचा. बोटाला ऑक्सिमीटर लावून आकडा लिहायचा, मग चार प्रश्न: डोकं दुखतंय का, पोट कसं आहे, थकवा किती, चक्कर येतेय का. प्रत्येकाला शून्य ते तीन मार्क, ही लेक लुईस स्कोअर नावाची पद्धत आहे. पण तो वहीपेक्षा माणसाकडे जास्त बघायचा हे माझ्या नंतर लक्षात आलं. कोण जेवण अर्धं टाकतोय, कोण एकटा जाऊन बसलाय, कोण मघापासून बोललेला नाही.

दिंगबोचेला, ४४१० मीटरवर, भांडण झालं. तिथे कार्यक्रमात दुसरा जादा दिवस होता. मंथलीत एक दिवस गेला होता म्हणून ऑफिसने दाईला फोन करून सांगितलं की दिंगबोचेचा दिवस कापा आणि सरळ लोबुचेला जा. ग्रुपमधल्या पाच-सहा जणांनाही तेच हवं होतं, पुढची विमानं बुक होती, सुट्ट्या मोजून घेतलेल्या. दादा पण त्याच बाजूने. दाई फोनवर नेपाळीत बोलला, मग आमच्याकडे आला आणि म्हणाला, उद्या आपण इथेच झोपणार. तीन हजारच्या वर गेल्यावर झोपायची उंची एका दिवसात ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवायची नाही आणि तीन-चार दिवसांनी एक जादा दिवस द्यायचा, हे कोणाच्या विमानासाठी बदलत नाही. कापायचा तर परतीचा एखादा मुक्काम कापू, उतरताना चालतं. एकजण आवाज चढवून म्हणाला, आम्ही ऑफिसला पैसे दिलेत. दाई गप्प उभा राहिला, मग म्हणाला ठीक आहे, माझी तक्रार करा, पण उद्या इथेच.

त्या जादा दिवशी सकाळी त्याने आम्हाला मागच्या टेकाडावर जवळपास पाच हजारपर्यंत नेऊन आणलं आणि दुपारी छोटी खिंड ओलांडून पलीकडे फेरिचेला. तिथे हिमालयन रेस्क्यू असोसिएशनचा दवाखाना आहे, १९७३ पासून, सीझनमध्ये बाहेरून डॉक्टर स्वयंसेवक म्हणून येऊन राहतात आणि दुपारी तीन वाजता उंचीच्या आजारावर माहिती देतात. कोणीही जाऊन ऐकू शकतं. त्या दुपारी जे कळलं ते असं, की उंचीवर डोकं दुखलं तर दुसरं कारण सिद्ध होईपर्यंत ती उंचीच समजायची, लक्षणं असताना अजून वर जायचं नाही, आणि वाढत असतील तर खाली उतरायचं, रात्र असली तरी. मेंदूला सूज येते तेव्हा आधी तोल जातो, फुफ्फुसात पाणी होतं तेव्हा बसल्या जागी दम लागतो. दादा माझ्या शेजारी बसून हे सगळं ऐकत होता. त्याला तेंगबोचेपासून कोरडा खोकला होता, तो तिकडे सर्रास होतो म्हणून त्याला खुंबू खोकलाच म्हणतात, त्यामुळे मीही मनावर घेतलं नाही.

लोबुचे, ४९०० च्या वर. दुपारी पोचलो. वही भरताना दादाने डोकं शून्य सांगितलं, पोट शून्य सांगितलं. ऑक्सिमीटर ६८ दाखवत होतं, आमचे बाकीच्यांचे ७८ ते ८४ च्या मध्ये. दाई फक्त म्हणाला, हात गार असतील, परत बघू. जेवायला डाळ-भात आला. दादाने भात कालवला, परत कालवला, ताटात एका बाजूला केला, परत दुसऱ्या बाजूला. मी समोरच बसले होते आणि मला वाटलं दमलाय. दाई शेकोटीजवळ उभा राहून बघत होता. मग जवळ आला आणि सहज म्हणाला, दादाजी जॅकेटची चेन लावा, थंडी आहे. दादाने चेनचं खालचं टोक हातात घेतलं आणि ते खाचेत जाईना. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. तीस वर्षं दोरांच्या गाठी मारलेला हात आहे तो.

दाईने त्याला उठवलं आणि जमिनीच्या लाकडी फळ्यांच्या सांध्यावरून चालायला सांगितलं, टाचेला पंजा लावून, दहा पावलं. हॉलमधले सगळे गप्प झाले. चौथ्या पावलाला दादा डावीकडे कलला आणि त्याने बाकाचा कोपरा धरला. हसून म्हणाला, बूट ओले आहेत. बूट कोरडे होते. मी बघत होते त्याच्या बुटांकडे, पूर्ण कोरडे होते.

दाई माझ्याकडे वळून म्हणाला, दिदी, अभी नीचे जाना है. सकाळी नाही, आत्ता.

लॉजवाल्याने सुचवलं की सकाळी हेलिकॉप्टर बोलावता येईल, इन्शुरन्स आहे ना. दाई म्हणाला, हेलिकॉप्टर उजाडल्यावर येणार, ढग असले तर तेव्हाही नाही, आणि ह्याला उजाडेपर्यंत ह्या उंचीवर ठेवायचं नाही. हे मी मुद्दाम लिहितेय कारण हेलिकॉप्टरचा दुसरा टोकाचा प्रकार पण नेपाळमध्ये झालाय, साधं डोकं दुखलं तरी लोकांना हेलिकॉप्टरमध्ये बसवून इन्शुरन्सचे पैसे काढायचे, २०१८ मध्ये तिथल्या सरकारने त्याची चौकशी केली होती. आमच्या दाईने हेलिकॉप्टर सांगून कमिशन खाल्लं नाही आणि सकाळची वाट बघून दादाचा जीवही टांगणीला लावला नाही. त्याने वीस मिनिटांत निघायची तयारी केली. दोन असिस्टंट गाइड होते, त्यांना बसवून उद्याचा कार्यक्रम समजावला, बाकीच्या नऊ जणांना सांगितलं की हे दोघं तुम्हाला बेस कॅम्पला नेतील, त्यांचं ऐका. किटमधला छोटा ऑक्सिजन सिलिंडर घेतला. आणि एक पोर्टर भाई, जेमतेम पंचविशीचा मुलगा, स्वतःहून बूट घालून उभा राहिला. दादा म्हणत होता मला काही झालं नाही, तुम्ही उगाच. दाईने खाली बसून त्याच्या बुटांच्या नाड्या बांधल्या, एक एक करून, घट्ट, आणि काही उत्तर दिलं नाही.

साडेसातला निघालो. दाई पुढे, दादाचा हात दाईच्या सॅकच्या पट्ट्यावर, मागे पोर्टर भाई, शेवटी मी. थुक्लाच्या खिंडीत, जिथे एव्हरेस्टवर गेलेल्यांची स्मारकं आहेत, दगडांचे चौथरे, वर पताका, तिथून जाताना टॉर्चच्या उजेडात एकेक चौथरा उजळायचा आणि परत काळोखात जायचा, आणि पताकांचा फडफड आवाज. मी तिकडे बघायचंच नाही ठरवलं, दादाच्या टाचांवर टॉर्च धरून ठेवली. खिंडीच्या खाली तो दगडांचा सरळ उतार आहे तिथे दादाचे पाय लटपटायला लागले तेव्हा पोर्टर भाईने नाम्लो सोडला, दादाला पाठीवर घेतलं, पट्टा त्याच्या मांड्यांखालून घेऊन स्वतःच्या कपाळावर लावला आणि उतरायला लागला. सत्तर किलोचा माणूस. बरोब्बर त्याच वेगाने, बिस्तारै बिस्तारै. दर थोड्या वेळाने दाई दादाला प्रश्न विचारायचा, मुलाचं नाव काय, आज वार कोणता, आणि उत्तर यायला जरा वेळ लागला की माझ्या पोटात गोळा यायचा.

अकराच्या सुमाराला फेरिचे. दवाखान्याचं दार वाजवल्यावर डॉक्टर बाई टोपी-जॅकेटमध्येच बाहेर आल्या. ऑक्सिजन लावला, डेक्सामेथासोनचं इंजेक्शन दिलं. म्हणाल्या मेंदूला सूज यायची सुरुवात होती, वेळेत खाली आणलंत. मग विचारलं, उतरायचं कोणी ठरवलं? मी दाईकडे बोट दाखवलं. त्या त्याला म्हणाल्या, गुड कॉल. तो मान हलवून बाहेर गेला आणि पोर्टर भाईसाठी चहा कुठे मिळतो ते बघायला लागला.

पहाटे दादाने डोळे उघडून मला विचारलं, तू जेवलीस का. तेव्हा मी रडले. नंतर त्याने सांगितलं की डोकं त्याचं दिंगबोचेपासून दुखत होतं, आणि लोबुचेला दुपारी लॉजच्या मागे जाऊन उलटी पण करून आला होता. कोणाला सांगितलं नाही, कारण सांगितलं तर परत पाठवतील. हे मी त्याच्या परवानगीने लिहितेय, त्यानेच सांगितलं लिही म्हणून, कारण त्याच्यासारखे बरेच आहेत आणि त्यातले बरेचसे जुने, मुरलेले ट्रेकर असतात.

बाकीचे नऊ जण असिस्टंट गाइडबरोबर दुसऱ्या दिवशी गोरक्षेप ह्या पुढच्या मुक्कामावरून बेस कॅम्पला गेले, तिसऱ्या दिवशी त्यातले सहा पहाटे कालापत्थरला चढले आणि संध्याकाळी सगळे फेरिचेला येऊन आम्हाला भेटले. म्हणजे मुख्य गाइड आजारी माणसाबरोबर खाली गेला तरी ग्रुपचा ट्रेक बुडाला नाही. हे फार मोठं आहे आणि ते आपोआप होत नाही, अकरा जणांमागे तीन गाइड असल्यामुळे झालं. दिंगबोचेला आवाज चढवणारा माणूस दादाच्या खाटेपाशी बराच वेळ बसला होता, मग उठून दाईला शोधायला गेला, काय बोलले ते मला माहीत नाही.

तर आता बुक करणाऱ्यांसाठी. १ एप्रिल २०२३ पासून नेपाळमध्ये परदेशी ट्रेकरना गाइड घेणं सक्तीचं केलंय, पण खुंबूत तिथल्या पालिकेने ते लागू केलेलं नाही, त्यामुळे एव्हरेस्टच्या वाटेवर अजून लोक एकटे जाताना दिसतात. माझं मत विचाराल तर चार हजारच्या वर पहिल्यांदा जाणाऱ्याने एकटं जाऊ नये. वाट चुकत नाही, ती एवढी वाहती आहे की चुकणं अवघड. पण आपली तब्येत बिघडलीय हे आपल्याला स्वतःला त्या उंचीवर कळत नाही, ज्या डोक्याने कळायचं तेच बिघडलेलं असतं. दादाला तर खरंच वाटत होतं की बूट ओले आहेत.

कंपनीला फोन करताना लॉज कसं आहे, वायफाय आहे का, हे मागाहून विचारा. आधी विचारा की किती जणांमागे किती गाइड, एखादा आजारी पडला तर त्याच्याबरोबर खाली कोण जाणार आणि बाकीच्यांचं काय. नामचे आणि दिंगबोचे दोन्हीकडे जादा दिवस आहे का, आणि विमान रद्द झालं तर तो कापणार का. शेवटी एक-दोन दिवस हातात ठेवलेत का. ऑक्सिमीटर आणि ऑक्सिजन गाइडच्या पाठीवर असतो की काठमांडूच्या ऑफिसात. परत फिरायचा निर्णय कोणाचा, गाइडचा की ऑफिसचा, आणि ह्याचं उत्तर देताना समोरचा अडखळला तर दुसरीकडे बघा. पोर्टरच्या पाठीवर किती वजन, त्याचा विमा आहे का, तो झोपतो कुठे. इन्शुरन्स तुमचा तुम्ही काढा आणि त्यात उंचीची मर्यादा नीट वाचा, बऱ्याच साध्या ट्रॅव्हल पॉलिसी इतक्या उंचीला लागूच होत नाहीत, कालापत्थर धरून सहा हजार मीटरपर्यंतचं आणि हेलिकॉप्टरसकट कव्हर हवं.

सामान म्हणाल तर कंपनीचं डाऊन जॅकेट चांगलं होतं, स्लीपिंग बॅग ठीक, माझ्या बॅगेची चेन मध्येच अडकायची, काठमांडूतच पूर्ण उघडून-मिटून तपासून घ्या. रात्री बाटलीत गरम पाणी भरून पायाशी ठेवा, लोबुचेच्या त्या प्लायवूडच्या खोल्यांत त्याच्यासारखं दुसरं काही नाही, आणि सकाळी तेच पाणी प्यायला होतं.

आता कापलेला स्टार. दिंगबोचेला थांबल्यामुळे आणि मंथलीत गेलेल्या दिवसामुळे, परतीचा एक मुक्काम कापूनसुद्धा, लुक्लावरून आमचं विमान ढगांमुळे अजून एक दिवस लांबलं तेव्हा आमच्यातल्या चौघांची काठमांडूवरून घरी जायची विमानं चुकली आणि नवी तिकिटं त्यांनी स्वतःच्या खिशातून काढली. ऑफिसने हात वर केले, हवामान आमच्या हातात नाही म्हणे. हवामान नाही, पण कार्यक्रमाचा कागद तुमच्याच हातात होता. त्याहून मला जास्त लागलेली गोष्ट म्हणजे दिंगबोचेचा तो फोन. ज्या दिवसासाठी आम्ही पैसे भरले होते, जो दिवस अंगात उंची मुरावी म्हणून ठेवलेला असतो, तो कापायला सांगणारा माणूस काठमांडूत खुर्चीवर बसलेला होता. दाईने ऐकलं नाही म्हणून ठीक. त्याच्या जागी नवीन, नोकरी जाईल म्हणून घाबरणारा मुलगा असता तर दादा लोबुचेला एक दिवस आधी, आणखी कच्च्या शरीराने पोचला असता, आणि हा विचार मला अजून रात्री झोपू देत नाही.

मी ऑफिसला तीन गोष्टी लिहिल्यात: कार्यक्रमात विमानासाठी दोन दिवस राखून ठेवा, उंचीच्या सवयीचा जादा दिवस कापायला गाइडला फोन करायचा नाही असा नियम करा, आणि दाईला आणि त्या पोर्टर भाईला ह्या प्रकाराबद्दल काहीही त्रास होऊ देऊ नका, उलट त्यांना बक्षीस द्या. पहिल्या मेलला उत्तर आलं की न वापरलेल्या मुक्कामांचे पैसे परत मिळत नाहीत. ते मी मागितलेच नव्हते. दुसरी मेल मागच्या आठवड्यात पाठवलीय. उत्तर आलं की इथे लिहीन.